बिनअक्षतांचं लग्न

येळ्ळूरच्या शालूबाईच्या धाकट्या लेकाचं लग्न झालं होतं की नव्हतं, हे ठरवायला बेळगावच्या कोर्टाला तीन पावसाळे लागले. गावाला विचारलं असतं तर गावानं ते पारावर बसून एका दुपारीच सांगितलं असतं. पण गावाचंही काही खरं नाही. विचारणारा ज्या बाजूचा, त्या बाजूला मान डोलवायची गावाला जुनीच सवय आहे.

धाकटा स्वरूप पलटणीत होता. त्याला पोरगी बघायला कुठं हिंडावं लागलं नाही. शालूबाईचा पाठचा भाऊ गुंडू कोगनोळीला नाक्याजवळ पंक्चरचं दुकान चालवायचा. त्याची थोरली प्रियदर्शनी पाळण्यात होती तेव्हाच शालूबाईनं सांगून ठेवलं होतं की ही माझी सून, दुसरीकडं बघायचं नाही. भाची सून करून आणायची, म्हणजे म्हातारपणी माहेर घरातच येतं, असा तिचा हिशेब. पोरगा-पोरगीही एकमेकांना बघून लाजायची, त्यामुळं कुणाला काही जबरदस्ती करावी लागली नाही.

दिवाळीच्या सुट्टीत स्वरूप आला आणि साखरपुडा झाला. लग्नही त्याच सुट्टीत उरकलं असतं, पण तुळशीचं लग्न लागल्याशिवाय माणसांची लग्नं लागत नाहीत, आणि स्वरूपची सुट्टी तुळशीच्या आधीच संपत होती. मग वैशाखातला मुहूर्त धरला. अडचण एवढीच की पलटणीतल्या क्लार्कनं स्वरूपला सांगून ठेवलं होतं, लग्नाचं सर्टिफिकेट आत्ता दिलंस तर वैशाखापर्यंत फॅमिली क्वार्टर मिळेल, नाहीतर बायकोला गावाकडंच ठेवून ये.

आमच्या भागात याला कुणी पाप म्हणत नाही. जन्मतारीख शाळेच्या सोयीनं लिहायची आणि लग्नाची तारीख सरकारच्या सोयीनं. रजिस्टर ऑफिसाच्या बाहेर बसणाऱ्या बाँड रायटरनं सगळं अर्ध्या तासात जमवून दिलं. कुठल्याशा माळावरच्या लक्ष्मीच्या देवळाच्या पुजाऱ्याचं पत्र आणलं, की गेल्या मे महिन्यात आमच्या देवळात या दोघांचं लग्न विधिपूर्वक लागलं. साक्षीदार म्हणून एक सही गुंडूची आणि एक शालूबाईची. ‘लग्नाला मी स्वतः हजर होते’ असं कन्नडमध्ये लिहिलेलं बाँड रायटरनं वाचून दाखवलं आणि म्हणाला, “सही माडरी, अक्का.” शालूबाई सातवीपर्यंत शिकलेली. गावातल्या तिच्या वयाच्या बायका अंगठा उठवायच्या, त्यामुळं सहीचा तिला कोण अभिमान. तिनं हात पुसून, पदर सावरून झोकात सही केली.

बाहेर आल्यावर गुंडू हसत म्हणाला, “आक्का, आता सून तुझीच झाली की. चल, घरला जाऊन च्या पिऊया सगळी.”

“कशी झाली?” शालूबाई म्हणाली. “कागद झाला म्हंजे लग्न झालं व्हय रं? अक्षता पडल्यात का? वैशाखात माप ओलांडून येऊ दे. तवर माझ्या उंबऱ्याच्या आत पाय न्हाय टाकायचा तिनं.”

सगळे हसले. प्रियदर्शनीही हसली. शालूबाईचं चुकलं होतं असंही नाही, रीत ती रीत. स्वरूपनं तिला कॅम्पात नेऊन आईस्क्रीम खायला घातलं आणि निपाणीच्या गाडीत बसवून दिलं.

फाल्गुनात स्वरूपची गाडी दरीत कोसळली.

पलटणीचे साहेब आले. त्यांच्या कागदात बायकोचं नाव होतं, तेव्हा बायको कुठाय हे त्यांनी आधी विचारलं. घरात नुसता आकांत चालला होता. भावकीतला एक म्हातारा शालूबाईच्या जवळ बसून हळूच म्हणाला, “शालू, पुढचं समदं त्याच्यावर ठरतंय म्हणून इचारतोय. पोराचं लग्न झालेलं धरायचं का न्हाय?”

शालूबाईनं त्या वेळी काय विचार केला, हे नंतर तिला स्वतःलाही नीट सांगता येईना. आपलं पोर अर्धंमुर्धं जाऊ नये, एवढंच तिला वाटलं असावं. ती म्हणाली, “झालंय. धरा.”

मग कोगनोळीला गाडी पाठवली. प्रियदर्शनी त्या घराचा उंबरा पहिल्यांदा ओलांडून आत आली, तेव्हा अंगणात शवपेटी ठेवलेली होती. माप बीप कुणाला आठवणार? स्मशानात बंदुकीच्या फैरी झाल्या, साहेबांनी घडी घातलेला झेंडा आणला आणि मोठ्यानं नाव घेतलं, “श्रीमती प्रियदर्शनी स्वरूप.” शालूबाईचे हात आपसूक पुढं झाले होते. साहेब तिच्यासमोरून पुढं गेले आणि झेंडा त्यांनी पोरीच्या हातात दिला.

ते शालूबाईच्या काळजात रुतलं. नऊ महिने पोटात वागवला मी, हाडाची काडं करून वाढवला मी, आणि माझ्या डोळ्यांसमोर तो कालच्या पोरीच्या ओंजळीत घातला! दुःखाला तोंड फुटत नाही तेव्हा माणूस रागाला वाट करून देतो. दहाव्याला ओढ्यावर बायका प्रियदर्शनीला घेऊन गेल्या. साखरपुड्यात भरलेल्या हिरव्या बांगड्या तिच्या हातात होत्या. असल्या कामाला घरच्या सासूनं पुढं व्हायची गरज नसते, दुसरी कुणी तरी विधवा ते करते. पण शालूबाई स्वतः पुढं झाली. तिनं दगडावर पोरीचे हात आपटून बांगड्या फोडल्या, ओल्या पदरानं कपाळ पुसलं. पोरगी ओरडली नाही. नुसती “आत्ती, आत्ती” म्हणत राहिली.

गुंडूनं दिवसकार्य झाल्यावर लेकीला घरी नेलं. महिन्याभरानं स्वरूपची सामानाची काळी पेटी पलटणीतून आली ती कोगनोळीला, बायकोच्या पत्त्यावर. शालूबाईनं माणूस पाठवून पेटी मागितली. प्रियदर्शनीनं निरोप दिला, “आत्तीला म्हणावं, तू ये. दोघी मिळून उघडूया.” चांगला निरोप होता. पण शालूबाईला त्यात मालकीण बोलल्यासारखं वाटलं, आणि ती गेली नाही.

तिच्या थोरल्या लेकाला, महादेवाला, एवढं निमित्त पुरेसं होतं. महादेव उद्यमबागेत फाउंड्रीत कामाला. तो वाईट होता असं कुणी म्हणणार नाही, पण पेन्शन आईबापाला यावी आणि उद्या दुसरं घर करणाऱ्या पोरीला जाऊ नये, हे त्याला सरळ न्यायाचं वाटत होतं. त्यानं वकील गाठला. वकिलानं कागद बघितले आणि खुर्चीत मागं रेलून सांगितलं, “विधी झाला नसेल तर नुसत्या सर्टिफिकेटला लग्न म्हणत नाहीत. आणि कागदावर लग्नाची जी तारीख आहे, त्या दिवशी तुमचा भाऊ हजारभर मैल लांब ड्यूटीवर होता. पलटणीचाच दाखला काढू. फक्त एक पाहिजे. सही करणारीनंच सांगायला पाहिजे की लग्न लागलं नव्हतं.”

घरी शालूबाईचा नवरा मारुतीराव एवढंच म्हणाला, “आगं, भावाची लेक हाय ती तुझी.”

“मग माझ्या लेकाची पेटी कुणाची हाय?” शालूबाई म्हणाली. मारुतीराव गप्प बसला. तो तसा जन्मभर गप्पच बसत आला होता, आणि त्याच्या गप्प बसण्यानं कुणाचं कधी भलं झालेलं ऐकिवात नाही.

साक्षीच्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात प्रियदर्शनी शालूबाईजवळ आली. फिकट साडी, मोकळं कपाळ. गुंडू लांब खांबाशी उभा होता, त्यानं बहिणीकडं बघितलंही नाही.

“आत्ती,” पोरगी म्हणाली, “पेन्शन तुम्हीच घ्या. मी लिहून देते, असं बाबानं वकिलाला सांगितलंय, पण महादेवभावजीस्नी कोर्टाचाच कागद पायजे. आत्ती, एवढं करू नगंस. ओढ्यावर तू मला रांडाव केलीस. मी म्हटलं, ऱ्हाऊ दे, त्याची बायको म्हणून जगीन. आता तू म्हणणार, बायकोच न्हवं. मग मी कोण गं? कुणी इचारलं तर काय सांगू?”

शालूबाईला एक क्षण वाटलं, पोरीला जवळ घ्यावं. लहानपणी हिचं डोकं विंचरताना ही अशीच मान वर करून बघायची. तेवढ्यात महादेवानं हाक मारली, “आई, पुकारा झाला,” आणि ती पदर खोचून आत गेली.

आपल्या वकिलानं विचारलं त्याला तिनं शिकवल्याप्रमाणं नीट उत्तरं दिली. मग प्रियदर्शनीच्या बाजूची वकीलीण उठली. तेजस्वी नावाची तरणीताठी बाई, आवाज मात्र शांत.

“सर्टिफिकेटावर सही तुमचीच आहे?”

“व्हय.”

“लग्नाला हजर होते, असं लिहून दिलंत. ते खोटं होतं?”

“क्वार्टरसाठी केलं. समदीच करत्यात.”

जजसाहेबांनी चष्म्यावरून बघितलं आणि जरा कडकच बोलले, की सरकारी कागदावर खोटं लिहून द्यायचं, मग तेच खोटं आहे म्हणून इथं यायचं, हा काय खेळ आहे का. शालूबाईनं मान खाली घातली. वकीलीण म्हणाली, “बाई, दहाव्या दिवशी या मुलीच्या बांगड्या कुणी फोडल्या?”

शालूबाईच्या हाताला त्या काचा परत टोचल्यासारखं झालं.

“मी.”

“कुणाच्या नावानं फोडल्या?”

“माझ्या लेकाच्या.”

“म्हणजे ती तुमच्या लेकाची बायको होती, म्हणूनच ना? कुमारी मुलीच्या बांगड्या कुणी फोडतं का?”

एक ‘व्हय’ म्हटलं असतं तर सगळं तिथंच संपलं असतं. पोरगी पोरगी म्हणून राहिली नसती, पण कुणाची तरी म्हणून राहिली असती. भाऊ राहिला असता, माहेर राहिलं असतं. शालूबाईला हे कळत होतं, उगीच नंतर तिला भोळी म्हणण्यात अर्थ नाही. पण तिला तो झेंडा दिसत होता, आपल्यासमोरून पुढं गेलेला. तिनं कठड्याला धरलं.

“लग्न झालं न्हाय,” ती म्हणाली. “अक्षता पडल्या न्हाईत. आईच्या हातच्या अक्षता पडल्याबिगर लग्न कसलं?”

शब्द न् शब्द खरा होता. जन्मभर सोयीसोयीनं बोलत आलेल्या बाईला खरं बोलायला नेमका तोच दिवस सापडला.

निकाल लागला. विधी झाल्याचं सिद्ध होत नाही, सबब हा विवाह कायद्यानं विवाह नाही, नोंदणी रद्द. महादेवानं पेढे वाटले नाहीत एवढी लाज त्यानं राखली. आठवड्यानं कोगनोळीहून एका टेम्पोवाल्याकरवी स्वरूपची पेटी आली. कुलपाची किल्ली सुतळीनं कडीलाच बांधलेली होती. बरोबर चिठ्ठी नाही, निरोप नाही. शालूबाईनं पेटी उघडली. कपडे घडी घालून ठेवलेले, बूट पॉलिश केलेले. तिनं सगळं बाहेर काढलं आणि परत जसंच्या तसं ठेवायला गेली, तर तिला तशा घड्या जमेनात.

शेजारची रुक्माबाई त्याच सुमारास कोगनोळीकडं पाहुण्यांच्यात जाऊन आली. शालूबाईनं विचारलं नव्हतं, पण रुक्माबाईला कधी विचारावं लागत नाही.

“तुझ्या भाचीला बघायला पाव्हणं आलतं. गुंड्यानं कोर्टाचा कागद म्होरं ठेवला. म्हणाला, लग्न झालंच न्हवतं, पोरगी कुमारी हाय. तर पाव्हणा म्हणतोय, आवो, समद्या भागानं पेपरात फोटू बघितलाय, झेंडा हातात घेऊन हुबारलेली. आन् एकदा पुसल्यालं कपाळ कागदानं भरून येतंय व्हय? च्या पिऊन गेली माणसं.” रुक्माबाईनं तोंडातलं पान बाजूला थुंकलं. “पोरगी आता बाहेर येत न्हाय म्हणं.”

त्या दिवाळीत भाऊबीजेला शालूबाईनं पाट मांडला नाही. मांडून बसणार कुणासाठी?

पुढच्या भाद्रपदात, पितृपक्षात, स्वरूपचा म्हाळ घालायचा म्हणून भटजींना बोलावलं. आजवर तेच येत होते, आणि सगळं रीतसर चाललं होतं. या वेळी ते पाटावर बसले आणि चुळबुळ करायला लागले.

“मारुतीराव, एक विचारतो, राग मानू नका. कोर्टाचा निकाल गावभर झालाय. मुलाचं लग्न झालं नव्हतं, असं तुम्हीच सांगितलंत.”

“व्हय,” मारुतीराव म्हणाला.

“मग माझी पंचाईत होते. बिनलग्नाचा मुलगा गेला तर अग्नी द्यायच्या आधी त्याचं रुईच्या झाडाशी लग्न लावतात. तेव्हा वहिनी म्हणाल्या होत्या लग्न झालंय, म्हणून ते केलं नाही. आता ते आधी व्हायला पाहिजे. नाहीतर इतकी वर्षं घातलेलं त्याला काहीच पोचलेलं नाही.”

शालूबाई चुलीपुढं होती. तिच्या हातातलं उलथनं तसंच राहिलं. तीन वर्षं आपण पोराच्या नावानं पान वाढत होतो आणि ते पोर कुठंतरी उपाशीच उभं होतं, असं तिला वाटलं आणि तिला रडू फुटलं. कोर्टात, स्मशानात, ओढ्यावर ती रडली नव्हती एवढी त्या दिवशी रडली.

मळ्याच्या बांधावर रुईचं एक झाड होतं, कमरेएवढं. सकाळी सकाळी घरचीच माणसं आणि शेजारची रुक्माबाई एवढीच गेली. रुईच्या बुंध्याला हळद लावली, हिरवं खणाचं कापड गुंडाळलं. समोर पाटावर वर्दीतला फोटो ठेवला आणि त्याला महादेवाच्या बायकोनं, रचनानं, बाशिंग बांधलं. महादेव आणि मारुतीरावानं धोतराचा अंतरपाट धरला. बाजूच्या शेतातली माणसं खुरपायची थांबली आणि तोंड फिरवून उभी राहिली.

“मुलाचा मामा?” भटजींनी सवयीनं विचारलं.

महादेव पायाखालच्या मातीकडं बघत राहिला.

“बरं. मुलीकडून कुणीतरी उभं राहा. कन्यादानाला कुणी तरी लागतं.”

रुईच्या बापाच्या जागी उभं राहायला कोण येणार? असला अपशकुन कुणाला नको असतो. रुक्माबाईनं पदर तोंडाला लावला आणि मागं सरली. मग शालूबाईच अंतरपाटाला वळसा घालून झाडाच्या बाजूला जाऊन उभी राहिली.

“मी हाय.”

“वहिनी, तुम्ही वरमाय. तुम्हाला तिकडं...”

“तिकडं कुणी नसलं तरी चालतंय. हिच्याकडं कुणी न्हाय.”

भटजींनी मान हलवली आणि संकल्प सुरू केला. मुलाचं नाव घेतलं, गोत्र घेतलं. मुलीच्या नावाच्या जागी काहीच न घेता ते पुढं सरकायला लागले तेव्हा शालूबाई म्हणाली, “प्रियदर्शनी म्हणा.”

“आई!” महादेव ओरडला. अंतरपाट हिंदकळला.

“शाले, येडी झालीस काय?” रुक्माबाई पुढं धावली. “जित्या पोरीचं नाव घेतीस? हे झाड आता तोडून जाळायचं असतंय गं!”

“म्हणा,” शालूबाई भटजींना म्हणाली. “तीच सून हाय माझी. मी खोटं बोलले. कोर्टात खरं बोलले आन् तरी खोटंच बोलले. कागद झाला त्या दिशी पोरीला उंबऱ्यात आडवी झाले मी. तिचं नाव घ्या.”

भटजी म्हातारे होते, त्यांना असलं काही कुणी आजवर सांगितलं नव्हतं. ते हलक्या आवाजात म्हणाले, “नाही घेता येत, वहिनी. ती तुमच्या घरची कुणी नाही आता. तुम्हीच तसं करून आणलंय ना?”

भटजींनी अंतरपाट नीट धरायला सांगितलं आणि मंगलाष्टकं म्हटली, अर्धीच, घाईघाईनं. ‘सावधान’ म्हणताच अंतरपाट दूर झाला. शालूबाईनं हात उचलला आणि पहिली मूठ झाडावर टाकली. तांदूळ पानांवरून घरंगळून मातीत पडले.

मग महादेवानं कोयत्यानं रुई तोडली, तिथंच गवताच्या पेंढीवर ठेवून पेटवली, आणि भटजींनी सगळ्यांना विहिरीवर आंघोळ करून, मागं न बघता घरी जायला सांगितलं.